आश्रयगृहात राहणाऱ्या पीडित स्त्रीचे हक्क: इंदूरमध्ये नव्याने आलेल्या बायकांसाठी

मी स्वतः इंदूरच्या एका आश्रयगृहात राहिले आहे. सासरी मारहाण असह्य झाली तेव्हा मुलीला घेऊन घर सोडलं होतं. माझी केस आता संपली आहे आणि नव्याने येणाऱ्या बायकांबरोबर मी ठाण्यात, कोर्टात जाते. रामबाग, लोकमान्य नगर, सुदामा नगर अशा भागांतल्या मराठी घरांतून बायका येतात, तशा खानदेशातून किंवा बऱ्हाणपूरकडून नातलगांकडे आलेल्या आणि तिथेही निभाव न लागलेल्या बायकाही येतात. आत पाऊल ठेवलं की बहुतेकींचा एक समज होतो: आता मॅडम ठरवतील तसं राहायचं, सोडतील तेव्हा जायचं. हा समज मुळातूनच चुकीचा आहे. तुमच्यावर गुन्हा झाला आहे, तुम्ही गुन्हा केलेला नाही. आश्रय घेतल्याने तुमचा एकही हक्क कमी होत नाही.

हा लेख मुख्यतः सज्ञान स्त्रियांसाठी आहे. मुलींविषयी जिथे वेगळं सांगायला हवं तिथे सांगितलं आहे.

१. आधी विचारा: मी इथे कोणत्या कागदावर आहे?

बाकीचं सगळं या एका प्रश्नावर अवलंबून आहे, म्हणून पहिल्याच दिवशी अधीक्षिकेला हे विचारा. उत्तर तीनपैकी एक असतं.

पहिलं, तुम्ही स्वतःच्या इच्छेने आला आहात. घरगुती हिंसेतून निघालेल्या बहुतेक बायका अशाच येतात. आधी ‘सखी’ वन स्टॉप सेंटरमध्ये पाच दिवसांपर्यंत राहता येतं. जास्त दिवस राहायचं असेल तर पुढे शक्ती सदनात पाठवतात. पूर्वीची स्वाधार गृहं आणि उज्ज्वला गृहं २०२२ पासून केंद्र सरकारच्या मिशन शक्ती योजनेखाली शक्ती सदनं झाली आहेत. घरगुती हिंसाचार कायदा, २००५ च्या कलम ६ प्रमाणे तुम्ही किंवा तुमच्या वतीने संरक्षण अधिकाऱ्याने (या कायद्याखाली पीडितेच्या मदतीसाठी नेमलेल्या अधिकाऱ्याने) मागणी केली, तर आश्रयगृहाने आश्रय द्यायचाच असतो. ‘आधी घरगुती हिंसेचा रिपोर्ट लिहून आणा, मग ठेवू’ असं म्हणता येत नाही. या कायद्याच्या नियमांत ते स्पष्ट लिहिलेलं आहे. स्वेच्छेने आलेल्या सज्ञान बाईला जाण्याचाही तितकाच हक्क आहे.

दुसरं, दंडाधिकाऱ्याच्या आदेशाने तुम्हाला ठेवलं आहे. देहव्यापाराच्या ठिकाणाहून पोलिसांनी सोडवून आणलेल्या बायकांना अनैतिक व्यापार प्रतिबंधक कायदा, १९५६ च्या कलम १७ खाली असं ठेवतात. इथे मुदतींकडे नीट लक्ष द्या. चौकशी चालू असताना तीन आठवड्यांहून जास्त ठेवता येत नाही. चौकशीनंतर दंडाधिकारी एक ते तीन वर्षांचा आदेश देऊ शकतात, पण त्याआधी तुमचं म्हणणं ऐकावं लागतं. त्या आदेशावर सत्र न्यायालयात अपील करता येतं. मुंबई उच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२० मध्ये अशा तीन सज्ञान स्त्रियांना मोकळं केलं. देहविक्रय हा या कायद्याखाली स्वतः गुन्हा नाही आणि सज्ञान स्त्रीला तिच्या इच्छेविरुद्ध विनाकारण डांबता येत नाही, असं न्यायालयाने सांगितलं. १९ मे २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बुद्धदेव कर्मास्कर प्रकरणात सगळ्या राज्यांना आदेश दिला, की संरक्षणगृहांची पाहणी करा आणि इच्छेविरुद्ध ठेवलेल्या सज्ञान स्त्रियांच्या सुटकेची प्रक्रिया ठरावीक मुदतीत पुरी करा. तुमच्या वकिलाला हे दोन्ही निकाल माहीत आहेत ना, ते विचारायला संकोच करू नका.

तिसरं, वय अठराच्या आत आहे. मग निर्णय बाल कल्याण समिती घेते. मुलीला चोवीस तासांच्या आत समितीपुढे हजर करायचं असतं, त्यात प्रवासाचा वेळ धरत नाहीत. लैंगिक अत्याचाराची केस असेल तर समिती तिला एक आधार-व्यक्ती देऊ शकते. ती व्यक्ती तपासापासून खटल्यापर्यंत बरोबर राहते. ती मागून घ्या.

आदेश असेल तर त्याची प्रत मागा. ‘वरून ऑर्डर आहे’ हे तोंडी उत्तर पुरेसं नाही. तारीख, कलम आणि सही असलेला कागद दाखवायला सांगा.

२. वकील मोफत मिळतो, तो लगेच घ्या

विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे कोणत्याही स्त्रीला मोफत वकील मिळतो. तिचं किंवा नवऱ्याचं उत्पन्न पाहत नाहीत. त्याच कलमात मानवी तस्करीच्या पीडितांचा आणि संरक्षणगृहात ठेवलेल्या व्यक्तींचाही वेगळा उल्लेख आहे. इंदूरच्या जिल्हा न्यायालयात जिल्हा विधिक सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे. साध्या कागदावर अर्ज चालतो. बाहेर पडता येत नसेल तर १५१०० या नंबरवर फोन करा किंवा अर्ज अधीक्षिकेमार्फत पाठवा.

सापळा: ठाण्याबाहेर किंवा कोर्टाच्या आवारात ‘सरकारी वकील मीच आहे, कागदाचे एवढे द्या’ म्हणणारे भेटतात. प्राधिकरणाने दिलेला वकील तुमच्याकडून फी घेत नाही. पैसे मागितले तर प्राधिकरणाच्या सचिवांकडे लेखी तक्रार करा, ते वकील बदलून देतात.

मराठीत विचार करणाऱ्या बाईला इथे आणखी एक अडचण येते. कोर्टाचा सगळा कारभार हिंदीत चालतो. लिपी एक असल्यामुळे आपल्याला वाचता येतं, त्यामुळे समजलं असंही वाटतं, आणि सही होऊन जाते. जबाब वाचून दाखवल्याशिवाय सही करू नका. एखादं वाक्य कळलं नाही तर थांबा आणि मराठीत समजावून मागा. तुम्ही मराठीत बोललात तर तसं सांगून भाषांतर मागण्याचा हक्क तुम्हाला आहे. काही शब्द आधीच ओळखून ठेवा: अर्जात ‘प्रतिकर’ दिसलं तर ती नुकसानभरपाई, ‘फरियादी’ म्हणजे तक्रार देणारी तुम्ही, आणि ‘खात्मा’ म्हणजे पोलीस केस बंद करायला निघाले आहेत. खात्मा रिपोर्ट कोर्टात गेला तर तक्रारदाराचं ऐकल्याशिवाय तो स्वीकारता येत नाही. नोटीस आली की वकिलाला त्याच दिवशी कळवा.

३. कागद गोळा करा, आणि मूळ कागद स्वतःजवळ ठेवा

लागणारे कागद:

- आधार, मतदार ओळखपत्र किंवा रेशन कार्ड, जे असेल ते
- समग्र आयडी (मध्य प्रदेश सरकारचा कुटुंबाचा आणि व्यक्तीचा ओळख क्रमांक)
- लग्नाचा पुरावा: पत्रिका किंवा फोटोही चालतो
- मुलांचे जन्मदाखले, शाळेचे कागद
- एफआयआरची प्रत, दवाखान्याचे कागद, जखमांचे फोटो
- बँकेचं पासबुक, फक्त तुमच्या एकटीच्या नावाचं
- स्त्रीधनाची यादी, बिलं असतील तर बिलं

यातला एकही कागद हातात नसला तरी आश्रय, एफआयआर आणि वकील या तिन्हींसाठी तुम्हाला परत पाठवता येत नाही. कागद मागाहून जमवता येतात.

दोन गोष्टी मात्र पहिल्या आठवड्यातच करा. एक, आधारला जोडलेला मोबाइल नंबर बदला. बहुतेकींच्या आधारला नवऱ्याचा नंबर असतो. मग बँक, अर्ज, योजना, सगळ्यांचे ओटीपी त्याच्या फोनवर जातात आणि तुम्ही कुठे काय करता आहात ते त्याला घरबसल्या कळतं. नंबर बदलायला आधार केंद्रात स्वतः गेलात तर कागद लागत नाही, बोटांचे ठसे पुरतात. दुसरी गोष्ट समग्रची. मध्य प्रदेशात जवळजवळ प्रत्येक सरकारी योजना समग्र आयडी मागते आणि तुमचं नाव सासरच्या कुटुंबाच्या आयडीत अडकलेलं असतं. महानगरपालिकेच्या झोन ऑफिसात अर्ज देऊन ते वेगळं करायला लावा. वेळ लागतो, म्हणून लवकर सुरुवात करा.

मूळ कागद गृहाच्या कपाटात ‘सुरक्षित’ ठेवायला मागतात. हेतू चांगलाही असेल, पण पावती घेतल्याशिवाय देऊ नका. मी राहत होते तिथे एका मुलीची दहावीची गुणपत्रिका अशीच गहाळ झाली आणि तिची नोकरी हातची गेली.

४. पोलिसांत तक्रार: हद्दीचं कारण ऐकून परत फिरू नका

१ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू आहे. तिच्या कलम १७३ प्रमाणे गुन्हा कुठेही घडलेला असो, कोणत्याही ठाण्यात एफआयआर लिहून घ्यावी लागते. तक्रार ऑनलाइनही पाठवता येते, पण तीन दिवसांत जाऊन सही करावी लागते. एफआयआरची प्रत मोफत मिळते.

सासर जळगावला आणि आश्रय इंदूरला असेल तर? छळाची केस इंदूरमध्येही चालू शकते. रूपाली देवी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०१९ मध्ये हे स्पष्ट केलं आहे. घर सोडून बाई जिथे आश्रय घेते, तिथेही त्या छळाचे परिणाम ती भोगत असते, म्हणून तिथल्या कोर्टालाही अधिकार आहे.

जबाबासाठी पोलिसांनी तुम्हाला ठाण्यात बोलवायचं नसतं. स्त्रीचा जबाब ती राहते तिथे येऊन घ्यायचा असतो, आणि तुमचं राहतं घर आत्ता आश्रयगृह आहे. बलात्काराच्या गुन्ह्यात जबाब महिला अधिकारीच घेते. इंदूरच्या ठाण्यांत बायकांच्या तक्रारींसाठी ऊर्जा महिला डेस्क आहेत, तिथून सुरुवात करणं सोपं जातं.

लिहून घेत नसतील तर तक्रार लेखी करून वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्याकडे पाठवा, तरीही काही झालं नाही तर दंडाधिकाऱ्याकडे अर्ज करा. बलात्कार, ॲसिड हल्ला, तस्करी अशा गुन्ह्यांची एफआयआर नाकारणाऱ्या अधिकाऱ्याला भारतीय न्याय संहितेच्या कलम १९९ प्रमाणे सहा महिने ते दोन वर्षं सक्तमजुरी होऊ शकते. नव्वद दिवसांच्या आत तपास कुठवर आला, हे पोलिसांनी तुम्हाला कळवायचं असतं. नाही कळवलं तर वकिलामार्फत विचारा.

५. दवाखाना

बलात्कार आणि ॲसिड हल्ल्याच्या पीडितेवर कोणत्याही रुग्णालयाने, सरकारी असो की खासगी, ताबडतोब मोफत उपचार करायचे असतात. इंदूरमध्ये बहुतेकींना एम. वाय. या सरकारी रुग्णालयात नेतात. तपासणी तुमच्या संमतीशिवाय होत नाही. योनीत बोटं घालून केली जाणारी ‘दोन बोटांची’ चाचणी सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२२ मध्ये पुन्हा एकदा ठामपणे नाकारली आहे आणि ती करणारा गैरवर्तनाचा दोषी ठरतो. कुणी करू लागलं तर नाही म्हणा.

अत्याचारातून गर्भ राहिला असेल तर २०२१ च्या दुरुस्तीप्रमाणे २४ आठवड्यांपर्यंत गर्भपात करता येतो. सज्ञान स्त्रीची एकटीची संमती पुरते. नवऱ्याची, आईवडिलांची किंवा अधीक्षिकेची सही लागत नाही. इथे दिवस वाया जाऊ देऊ नका.

६. घर, पोटगी, मुलं आणि दागिने

‘तूच घर सोडून गेलीस, आता तुझा काही संबंध नाही’ हे वाक्य प्रत्येकीला ऐकवतात. ते खोटं आहे. सर्वोच्च न्यायालयाने १२ मे २०२२ च्या प्रभा त्यागी निकालात सांगितलं आहे, की त्या वेळी स्त्री त्या घरात राहत नसली तरी सामाईक घरात राहण्याचा तिचा हक्क टिकतो.

घरगुती हिंसाचार कायद्याखालचा अर्ज तुम्ही तात्पुरत्या जिथे राहता तिथल्या दंडाधिकाऱ्याकडे करता येतो. म्हणजे आश्रयगृहात राहून इंदूरच्याच कोर्टात. एका अर्जात पुढच्या गोष्टी मागता येतात: छळणाऱ्याने जवळ येऊ नये असा संरक्षण आदेश, राहण्याची सोय, खर्चाचे पैसे, मुलांचा तात्पुरता ताबा, स्त्रीधन परत आणि भरपाई. पहिली तारीख साधारण तीन दिवसांत आणि निकाल साठ दिवसांत द्यायचा प्रयत्न करावा, असं कायदा म्हणतो. प्रत्यक्षात फार जास्त लागतात. म्हणून वकिलाला अर्जाबरोबरच कलम २३ खाली अंतरिम आदेश (निकालाआधीचा तात्पुरता आदेश) मागायला सांगा. मला माझ्या केसमध्ये खरा आधार त्या अंतरिम आदेशाचाच झाला. मुलीची शाळेची फी त्यातून भरता आली. आदेशाची प्रत मोफत मिळते. संरक्षण आदेश मोडला तर एक वर्षापर्यंत कैद किंवा वीस हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं.

सापळा: समजोत्याच्या नावाखाली सासरची माणसं गृहात येतात, गोड बोलतात, आणि कोऱ्या किंवा अर्धवट लिहिलेल्या कागदावर सही घेतात. वकील पाहिल्याशिवाय कोणत्याही कागदावर सही करायची नाही, अगदी आईवडिलांनी आग्रह केला तरीही. तुम्ही कोणत्या गृहात आहात हे विरुद्ध पक्षाला कळू नये असं वाटत असेल, तर आत येतानाच लेखी द्या. मग ते कळू न देणं गृहावर बंधनकारक आहे.

७. नुकसानभरपाई: शिक्षेची वाट पाहू नका

पुष्कळ बायकांना हा हक्क माहीतच नसतो. सरकारी भरपाई मिळण्यासाठी आरोपीला शिक्षा व्हावी लागत नाही. आरोपी सापडला नाही आणि खटलाच उभा राहिला नाही, तरीही अर्ज करता येतो. मध्य प्रदेशची अपराध पीडित प्रतिकर योजना २०१५ ची आहे. स्त्रियांसाठी राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरणाची २०१८ ची योजनाही आहे. त्या योजनेत बलात्कारासाठी चार ते सात लाख आणि सामूहिक बलात्कारासाठी पाच ते दहा लाख रुपये धरले आहेत.

अर्ज जिल्हा विधिक सेवा प्राधिकरणाकडे करायचा. सोबत एफआयआरची प्रत, वैद्यकीय कागद आणि पासबुक जोडा. उपचारासाठी किंवा राहण्यासाठी लगेच गरज असेल तर अंतरिम मदत वेगळी मागा. आपण मागितली नाही तर ती बहुधा आपोआप मिळत नाही. मिळालेल्या रकमेतला मोठा भाग काही वर्षं मुदत ठेवीत ठेवतात. कुणी ‘तोडून देतो’ म्हणून कमिशन मागितलं तर त्याला दारात उभं करू नका. शिक्षण किंवा उपचारासाठी पैसे हवे असतील तर प्राधिकरणाकडेच अर्ज करता येतो.

अनुसूचित जाती-जमातीतल्या स्त्रीवर अत्याचार झाला असेल तर अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली टप्प्याटप्प्याने वेगळं अर्थसाहाय्य मिळतं. एफआयआरमध्ये त्या कायद्याची कलमं लागली आहेत का, ते वकिलाला तपासायला सांगा.

८. कोर्टात

खटला सरकार चालवतं, म्हणून तुम्ही फक्त साक्षीदार आहात असं सांगतील. ते अर्धंच खरं आहे. सरकारी वकिलाला मदत करायला तुमचा स्वतःचा वकील ठेवता येतो. लखीमपूर खेरीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२२ मध्ये सांगितलं, की पीडिताला तपासापासून अपिलापर्यंत प्रत्येक टप्प्यावर म्हणणं मांडण्याचा हक्क आहे. जामिनाच्या सुनावणीतसुद्धा. आरोपी सुटला, कमी गुन्ह्यात शिक्षा झाली किंवा भरपाई अपुरी दिली, तर तुम्ही स्वतः अपील करू शकता.

बलात्काराचा खटला बंद दालनात चालतो. आरोपीच्या समोर उभं राहण्याची भीती वाटत असेल तर संवेदनशील साक्षीदारांच्या कक्षात साक्ष द्यायची मागणी करा. असे कक्ष प्रत्येक जिल्ह्यात असावेत, असा आदेश स्मृती तुकाराम बडदे प्रकरणात जानेवारी २०२२ मध्ये झाला आहे. धमक्या येत असतील तर साक्षीदार संरक्षण योजना, २०१८ खाली अर्ज करा. जिल्ह्याच्या पातळीवरच्या समितीचे प्रमुख जिल्हा न्यायाधीश असतात.

बलात्कार पीडितेचं नाव, फोटो किंवा ओळख पटेल असं काहीही छापणं हा दोन वर्षांपर्यंतच्या कैदेचा गुन्हा आहे. आश्रयगृहात पाहुणे येतात, फराळ वाटतात, फोटो काढतात. कॅमेरा निघाला की तोंड फिरवून उठून जायला तुम्हाला कुणीही अडवू शकत नाही.

९. आत त्रास होत असेल तर

वकिलाशी एकांतात बोलणं, आजारी पडल्यावर डॉक्टर, मुलांची शाळा, स्वतःच्या पैशांचा हिशेब या गोष्टी कुणाच्या मेहरबानीवर नाहीत. फोनच्या वेळा किंवा येण्याजाण्याची नोंद असे नियम असू शकतात, ते सगळ्यांच्या सुरक्षेसाठीच असतात. पण नियमाच्या नावाने मारणं, उपाशी ठेवणं, फुकट राबवणं, कुणा बाहेरच्याकडे पाठवणं हे गुन्हे आहेत. बिहारमधल्या मुझफ्फरपूरच्या बालिकागृहात काय चाललं होतं ते २०१८ मध्ये टाटा इन्स्टिट्यूटच्या पाहणीतून बाहेर आलं, आणि फेब्रुवारी २०२० मध्ये दिल्लीच्या न्यायालयाने मुख्य आरोपीला मरेपर्यंत जन्मठेप दिली. तपासणीला कुणी आलं की तिथल्या मुलींसारखं मोकळेपणाने बोला. खोलीत एकट्याने बोलायचं आहे असं सांगा.

तक्रार विधिक सेवा प्राधिकरणाच्या सचिवांकडे किंवा राज्य महिला आयोगाकडे पाठवता येते. ताबडतोब मदत हवी असेल तर १८१ किंवा ११२, मुलांसाठी १०९८.

१०. बाहेर पडताना

स्वेच्छेने राहत असाल तर दोन ओळींचा अर्ज लिहा, ‘मी सज्ञान आहे, मला अमुक तारखेला जायचं आहे’, आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. वडील किंवा भाऊ घ्यायला आले तरच सोडू, असं कायद्यात कुठेही नाही. सज्ञान स्त्री कुठे आणि कुणाबरोबर राहील ते ती ठरवते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये शफीन जहान प्रकरणात निःसंदिग्धपणे सांगितलं आहे. तरीही अडवलं तर प्राधिकरणाला कळवा. तेवढ्यानेही काम झालं नाही तर तुमच्या वतीने कुणीही उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठात बंदी प्रत्यक्षीकरणाचा (डांबलेल्या व्यक्तीला कोर्टापुढे हजर करायला लावणारा) अर्ज करू शकतं.

आदेशाखाली असाल तर पळून जाऊ नका. त्याने केस तुमच्यावरच उलटते. वकिलामार्फत सुटकेचा अर्ज किंवा अपील करा.

निघण्याआधी मूळ कागद पावतीप्रमाणे मोजून घ्या. नवा पत्ता आणि फोन नंबर ठाण्यात, कोर्टात आणि वकिलाकडे लेखी द्या. पत्ता गुप्त ठेवायचा असेल तर तो विरुद्ध पक्षाला देऊ नये, अशी कोर्टाला विनंती करता येते. समन्स जुन्या गृहाच्या पत्त्यावर गेलं आणि तुम्हाला कळलंच नाही, तर साक्षीची तारीख निघून जाते. पुढची पेशी कधी आहे ते निघायच्या दिवशीच विचारून लिहून घ्या.